घरीच असते म्हणणाऱ्या बायकांचं गाव

फेब्रुवारी २०११ मधली गोष्ट. गुहागरला खालच्या पाटात एका काकूंकडे बचत गटाची बैठक होती आणि मी जरा लवकरच पोचले होते. काकू ओटीवर वाळलेली सुपारी सोलत बसल्या होत्या. तेवढ्यात जनगणनेचे गुरुजी आले. उन्हातून आलेले, पाणी प्यायले, बाकावर टेकले आणि पिशवीतून फॉर्म काढला. नावं झाली, वयं झाली, शिक्षण झालं. मग त्यांनी विचारलं, "आणि काकू, तुम्ही काय करता?"

"काही नाही हो, घरीच असते," काकू म्हणाल्या. हातातलं काम थांबलं नाही. गुरुजींनी लिहून घेतलं.

ओटीवर सोललेल्या सुपारीचा ढीग होता. मागची नारळी-पोफळीची वाडी त्यांनी सकाळीच शिंपली होती. गोठ्यात म्हैस होती, तिचं दूध दोन घरी जात होतं. वरच्या बाजूला थोडी भातशेती होती, तीही त्याच बघत, कारण यजमान आणि मुलगा दोघंही मुंबईला. एवढं सगळं करणारी बाई त्या कागदावर काही न करणारी झाली. मला तेव्हा यात काही खटकलंही नाही. खरं सांगायचं तर आठ दिवसांपूर्वी माझ्या दारात मोजणी झाली तेव्हा मीही हेच उत्तर दिलं होतं.

आता जनगणना पुन्हा आली आहे. २०२१ ची मोजणी करोनामुळे पुढे गेली आणि पुढे जातच राहिली. शेवटी जून २०२५ मध्ये अधिसूचना निघाली. घरयादीसाठी एप्रिल ते सप्टेंबर २०२६ हा काळ ठरला, त्यात प्रत्येक राज्याला तीस दिवस. माणसांची मोजणी फेब्रुवारी २०२७ मध्ये, १ मार्च २०२७ ची सुरुवात हा क्षण धरून. १९३१ नंतर जनगणनेत पहिल्यांदाच सगळ्यांची जात विचारली जाणार आहे, त्यामुळे वर्तमानपत्रांत आणि टीव्हीवर चर्चा सगळी तिचीच. ती व्हायलाच हवी. पण मैत्रिणींनो, आपल्यासारख्या लहान गावांत राहणाऱ्या बायकांसाठी आणखी एक प्रश्न या मोजणीत दडलेला आहे. आपलं गाव हे गाव आहे की शहर, हे कोण ठरवतं? आणि कुणाकडे बघून ठरवतं?

गुहागर ज्यांनी पाहिलं नाही त्यांच्यासाठी सांगते. चिपळूणहून सुमारे ४५ किलोमीटर वळणावळणाच्या रस्त्याने सडा ओलांडून आलं की एकदम खाली समुद्र दिसतो. डोंगर आणि समुद्र यांच्यामध्ये जी अरुंद पट्टी उरते, ते गुहागर. समुद्राला समांतर एक लांबच लांब रस्ता, त्याच्या दोन्ही बाजूंना घरं आणि घरांच्या मागे वाड्या. वरचा पाट, खालचा पाट अशी वस्ती. पश्चिमेकडची वाडी संपली की थेट पुळण. रुंदी म्हणाल तर पाच-दहा मिनिटांची, लांबी मात्र चालता चालता पाय दुखवणारी. तालुका बघितला तर उत्तरेला दाभोळची खाडी, जिथे वाशिष्ठी समुद्राला मिळते, आणि दक्षिणेला शास्त्री नदीची जयगडची खाडी. म्हणजे तीन बाजूंना पाणी. आणि तरी एप्रिल उजाडला की सड्यावरच्या वाड्यांतून बायका हंडे घेऊन विहिरीच्या तळाशी बघत उभ्या. तीन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो, पण जांभा दगड पाणी धरून ठेवत नाही.

कोकणातलं गाव देशावरच्या गावासारखं एका जागी गोळा झालेलं नसतं. एका महसुली गावाच्या पोटात आठ-दहा वाड्या, कुठली सड्यावर, कुठली खाडीकाठी, दोघींच्या मध्ये पाखाडी आणि चढ. हे सगळं मुद्दाम सांगते आहे, कारण पुढे याचा हिशेब येणार आहे.

आता माणसांकडे बघू. २००१ मध्ये रत्नागिरी जिल्ह्याची लोकसंख्या होती १६ लाख ९६ हजार ७७७. २०११ मध्ये ती झाली १६ लाख १५ हजार ६९. दहा वर्षांत सगळा महाराष्ट्र जवळजवळ १६ टक्क्यांनी वाढला आणि रत्नागिरी जिल्हा ८१ हजारांनी कमी झाला. शेजारच्या सिंधुदुर्गाचीही तीच गत, तिथे घट दोन टक्क्यांच्या थोडी वर. गंमत म्हणजे घटलेला तिसरा जिल्हा कोणता, तर मुंबई शहर! पण मुंबई शहरातली माणसं उपनगरात आणि ठाण्याकडे सरकली. आमची माणसं जिथे सरकली तिथून ती गणपतीला, शिमग्याला आणि मे महिन्यात येतात.

आणि राहिलं कोण? २०११ मध्ये रत्नागिरी जिल्ह्यात पुरुष होते ७ लाख ६१ हजार १२१ आणि बायका ८ लाख ५३ हजार ९४८. दर हजार पुरुषांमागे ११२२ बायका. महाराष्ट्राची सरासरी होती ९२९. हा ११२२ चा आकडा व्यासपीठावरून सांगताना पुढाऱ्यांची छाती फुगलेली मी पाहिली आहे. कोकणात मुलींचा कसा मान आहे बघा, म्हणे. त्यांनी त्याच अहवालातला सहा वर्षांखालच्या मुलांचा आकडाही बघायला हवा होता. तिथे हजार मुलग्यांमागे मुली ९३६. राज्याच्या ८९४ पेक्षा तो बरा, हे कबूल. पण लहानपणी मुलगेच जास्त आणि मोठेपणी बायकाच जास्त, याचा अर्थ सरळ आहे. मुलगा मिसरूड फुटलं की एसटीत बसतो. ११२२ हा मुलींच्या मानाचा आकडा नाही, गेलेल्या पुरुषांचा आहे.

हे काही आजचं नाही. मुंबईच्या गिरण्या सुरू झाल्या तेव्हापासून कोकणातला पुरुष तिकडे गेला. मनीऑर्डर आली की घरात साखर यायची, अशा कहाण्या आपल्या आज्यांनी सांगितल्या आहेत. १९८२ च्या संपात गिरण्या गेल्या, पण वाट मोडली नाही. मग हॉटेलं, सिक्युरिटी, कुरिअर, आयटी. कोकण रेल्वे १९९८ मध्ये पूर्ण सुरू झाली तेव्हा वाटलं होतं की आता रोजगार इकडे येईल. रेल्वेने जाणं सोपं केलं, एवढं मात्र खरं. गुहागरच्या जवळ अंजनवेल-वेलदूरला दाभोळ वीज प्रकल्प आला तेव्हा काही वर्षं बाहेरची माणसं आली, भाड्याच्या खोल्या भरल्या, हॉटेलं निघाली. १९९९ मध्ये वीज सुरू झाली, २००१ मध्ये प्रकल्प बंद पडला आणि खोल्या रिकाम्या झाल्या. पुढे २००५ मध्ये नवी कंपनी स्थापन होऊन तो परत उभा करायची खटपट झाली, पण ती पहिली गर्दी काही परतली नाही. या प्रकल्पाविरुद्धच्या आंदोलनात वेलदूरच्या मासे विकणाऱ्या बायका पुढे होत्या. टोपली घेऊन गावोगाव फिरणाऱ्या, वाळवण घालणाऱ्या या बायकांनी जनगणनेत स्वतःचं काम काय सांगितलं असेल, असं आता मनात येतं.

तर मूळ प्रश्न. शहर कशाला म्हणायचं?

आपल्या देशात शहरं दोन प्रकारची मोजतात. पहिला प्रकार सरकारने जाहीर केलेल्या शहरांचा. जिथे महानगरपालिका, नगरपरिषद, नगरपंचायत किंवा कॅन्टोन्मेंट आहे ते शहर, मग तिथे माणसं किती का असेनात. माथेरानची लोकसंख्या २०११ मध्ये होती ४,३९३ आणि पन्हाळ्याची ३,१२१, पण दोन्हीकडे नगरपरिषद, म्हणून दोन्ही शहरं. उलट सोलापूर जिल्ह्यातलं अकलूज. चाळीस हजारांच्या घरातली वस्ती, साखर कारखाना, कॉलेजं, दवाखाने, आणि २०२१ पर्यंत ग्रामपंचायत! तिथल्या लोकांना नगरपरिषदेसाठी आंदोलन करावं लागलं.

दुसरा प्रकार जनगणनेच्या शहरांचा. कारभार ग्रामपंचायतीचाच, पण जनगणना खातं म्हणतं की हे आता गाव राहिलेलं नाही. त्यासाठी तीन कसोट्या आहेत. वस्ती किमान पाच हजार हवी. दर चौरस किलोमीटरला किमान ४०० माणसं हवीत. आणि तिसरी कसोटी जरा सावकाश वाचा: मुख्य काम करणाऱ्या पुरुषांपैकी किमान ७५ टक्के पुरुष शेतीबाहेरच्या कामात हवेत.

पुरुषांपैकी. माणसांपैकी नव्हे.

मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला छपाईची चूक वाटली. ती चूक नाही. २०११ ला अशीच मोजणी झाली आणि २०२७ साठीही हीच व्याख्या ठेवण्याचा जनगणना खात्याचा प्रस्ताव आहे. २००१ मध्ये देशात अशी जनगणनेची शहरं १,३६२ होती, २०११ मध्ये ती ३,८९४ झाली. आपल्या महाराष्ट्रात १२७ वरून २७९. म्हणजे दहा वर्षांत शेकडो गावं कागदावर शहरं झाली आणि त्यांतल्या एकाही गावाच्या बाबतीत तिथल्या बायका काय काम करतात हे विचारात घ्यायची गरज पडली नाही.

बायकांच्या कामाची नोंद धरसोडीची होते, आज शेतात तर उद्या घरात, म्हणून पुरुषांचं काम धरलं, असं कुणी समर्थन करील. असेल. पण ज्या गावातले निम्मे कर्ते पुरुष गावात राहतच नाहीत तिथे या कसोटीचं काय होतं ते बघा. शेती कुणाच्या हातात? बायकांच्या. लावणी, बेणणी, कापणी, मळणी, गुरं, सगळं त्यांच्याकडे. गावात राहिलेले पुरुष कोण? दुकानदार, रिक्षावाले, शिक्षक, गवंडी, बँकेतले, एसटीतले. आता फक्त पुरुष मोजा. गाव शेतीतून बाहेर पडलेलं दिसेल! जितके जास्त शेतकरी पुरुष मुंबईला जातील आणि जितकी जास्त शेती बायकांच्या अंगावर पडेल, तितकं ते गाव कागदावर शहरी दिसत जाईल. शेतीतला बाप्या गेला म्हणून शेती संपली असं धरणारी ही पद्धत आहे.

त्यात आणखी एक गोम आहे, ती किनारपट्टीवरच्या मैत्रिणींना खास आवडेल. जनगणनेत 'शेतकरी' कुणाला म्हणायचं याची व्याख्या आहे. भात, नाचणी, ऊस, भाजीपाला, फळबाग हे सगळं शेतीत येतं. पण चहा, कॉफी, रबर, नारळ आणि सुपारी येत नाही, ती लागवड मळ्यांची म्हणून वेगळी काढली आहे. म्हणजे हापूसची कलमं असलेला शेतकरी, आणि त्याच्याच शेजारचा नारळी-पोफळीवाला 'इतर काम करणारा'. एकाच कुंपणात दोन माड आणि चार कलमं असतील तर गुरुजींनी काय लिहायचं? मासेमारीही 'इतर'मध्येच जाते. आणि गुहागरसारख्या गावाचा जीव तर नारळ, सुपारी आणि मासळीवर. आसाममधले आणि केरळमधले मोठाले मळे डोळ्यांपुढे ठेवून केलेला नियम पाव एकराच्या आगराला लावला की असं होतं.

घनतेची कसोटी उलट्या दिशेने ओढते. रत्नागिरी जिल्ह्याची घनता २०११ मध्ये दर चौरस किलोमीटरला १९७ होती, राज्याची ३६५. गुहागरच्या रस्त्यावर घराला घर लागून आहे, पण ज्या गावाच्या हद्दीत मोठा सडा येतो त्याची सरासरी पार खाली येते. सड्यावर माणसं राहत नाहीत, कातळ राहतो. त्यामुळे बाजारपेठेत शहरासारखा कचरा, शहरासारखं सांडपाणी, आणि कागदावर विरळ वस्तीचं खेडं. गुहागर स्वतः आता नगरपंचायत असल्याने त्याला या परीक्षेला बसावं लागत नाही. पण आजूबाजूची, नाक्यावरची, बाजाराची कितीतरी गावं या तीन चाळण्यांतून जाणार आहेत.

गाव कागदावर शहर झालं तर आमचं काय बिघडतं, असं बचत गटातल्या एकीने मला विचारलं. जनगणनेचं शहर झाल्याने लगेच काही बदलत नाही, ग्रामपंचायत तशीच राहते. खरा बदल नगरपंचायत झाल्यावर होतो. आपल्या राज्याने २०१४ मध्ये ठरवलं की तालुक्याच्या ठिकाणच्या ग्रामपंचायती नगरपंचायती करायच्या. तेव्हापासून पाटी बदललेली कितीतरी गावं आपण पाहिली. मुख्याधिकारी येतो, घंटागाडी येते, नळयोजनेला आणि रस्त्याला शहरी योजनांचा निधी मिळू शकतो. हे फायदे खोटे नाहीत. आमच्या ओळखीतल्या एका गावात नगरपंचायत झाल्यावर पहिल्यांदा बाजारात बायकांसाठी स्वच्छतागृह झालं. त्याआधीची कितीतरी वर्षं भाजी विकणाऱ्या बायका दिवसभर पाणी न पिता बसत होत्या.

पण गेलं काय तेही सांगायला हवं. ग्रामसभा गेली. गावातल्या कुठल्याही मतदार बाईला उठून सरपंचाला विचारता येत होतं, तो हक्क नगरपंचायतीत नाही. आपल्याकडे कायद्याने ग्रामसभेच्या आधी महिलांची वेगळी सभा घ्यावी लागते. ती कित्येक ठिकाणी नुसती सह्यांपुरती होते हे मला माहीत आहे, मी अशा सह्या पाहिल्या आहेत. तरी जिथे दोन-चार बोलणाऱ्या बायका असतात तिथे त्याच सभेतून दारूचा, पाण्याचा विषय पुढे गेला आहे. नगरपंचायतीत सतरा नगरसेवक बोलतात, त्यांतल्या निम्म्या जागा बायकांच्या आहेत ही चांगली गोष्ट, पण बाकीच्या आपण प्रेक्षक. रोजगार हमीचं काम गेलं, कारण ती योजना ग्रामीण भागासाठी. मनरेगाच्या जागी संसदेने डिसेंबर २०२५ मध्ये नवा कायदा केला, तोही ग्रामीण भागासाठीच आहे. 'उमेद'खाली बांधलेले बचत गट शहरी अभियानाकडे वळवावे लागतात. नवं खातं, नवी कागदपत्रं, नवीन साहेब. आणि घरपट्टी वाढते. पाटाच्या टोकाला राहणारी, अजूनही भातच लावणारी बाई एका सकाळी शहरातली होते, आणि तिला ते पावतीवरचा आकडा बघून कळतं.

बरं, या सतरा प्रभागांची आखणी तरी आजची माणसं मोजून होते का? डिसेंबर २०२५ मध्ये राज्यात २४६ नगरपरिषदा आणि ४२ नगरपंचायतींच्या निवडणुका झाल्या. कित्येक ठिकाणी त्याआधी काही वर्षं प्रशासकच होता. प्रभागांसाठी लोकसंख्या धरली ती २०११ ची, दुसरी होतीच कुठे? ज्या आळीत तेव्हा चाळीस माणसं होती तिथे आज सात कुलपं आहेत, आणि स्टँडमागे जिथे तेव्हा माळ होता तिथे तीन मजली इमारती. जागांचा हिशेब मात्र चौदा वर्षांपूर्वीच्या माणसांचा. शिवाय जनगणनेसाठी गावांच्या, शहरांच्या हद्दी ३१ डिसेंबर २०२५ नंतर बदलायच्या नाहीत असं ठरलं. म्हणजे आता ज्या हद्दीत आपण आहोत, त्याच हद्दीत मोजले जाणार, आणि तेच आकडे पुढची दहा-पंधरा वर्षं आपल्या शाळेला, दवाखान्याला, पाण्याच्या टाकीला लागू होणार.

म्हणून काकूंचं ते 'काही नाही' मला आता टोचतं. जनगणनेच्या नियमात काम म्हणजे पगारी नोकरी असं कुठेही लिहिलेलं नाही. घरच्या शेतात, घरच्या दुकानात, घरच्या धंद्यात पैसे न घेता केलेलं काम हेही कामच. घरी खाण्यापुरतं भात पिकवलं तरी ते काम. म्हैस ठेवून दूध काढणं हेही काम. वर्षात सहा महिने किंवा जास्त केलं तर तुम्ही मुख्य काम करणाऱ्या, त्याहून कमी केलं तर सीमांत. स्वयंपाक, धुणी-भांडी, मुलं, म्हातारी माणसं यांना मात्र हे नियम काम मानत नाहीत. यावर माझं भांडण आहे. सरकारच्याच २०२४ च्या वेळ-वापर पाहणीत घरकाम करणाऱ्या बायकांचे त्यात दिवसाला सरासरी २८९ मिनिटं जातात असं निघालं, आणि पुरुषांची ८८. म्हणजे मोजता येतं की! पण ते भांडण पुढच्या वेळचं. आज निदान जे नियमात बसतं ते तरी लिहून घेतलं जावं.

ते लिहून घेतलं जात नाही, हेही आकड्यांतच दिसतं. २०११ मध्ये देशात ग्रामीण बायकांपैकी काम करणाऱ्या ३० टक्के नोंदल्या गेल्या आणि शहरी बायकांपैकी साडेपंधरा टक्क्यांच्याही आत. शहरात बायकांना कामं कमी मिळतात हे खरं. पण गावाचं शहर होताना काही कामं नुसती दिसेनाशी होतात असंही मला वाटतं. शेतावर जाणारी बाई निदान दिसते. तीच बाई घरात बसून आमसुलं, आंबापोळी, कुळथाचं पीठ करून दुकानांत पोचवू लागली की ती 'घरीच' असते. झावळ्यांचे हीर काढून खराटे बांधणारी तर तिच्या घरच्यांनाही काम करताना दिसत नाही.

तसंच कुटुंबप्रमुखाचं. घरयादीत कुटुंबप्रमुखाचं नाव आणि तो पुरुष की स्त्री हे विचारतात. नियम असा की जो घरचा कारभार बघतो आणि घरचे ज्याला प्रमुख मानतात तो प्रमुख. वयाने मोठा किंवा पुरुषच हवा असं नाही. पण वर्षानुवर्षं एकटीने घर चालवणाऱ्या बायका दारात बिनदिक्कत मुंबईतल्या नवऱ्याचं नाव सांगतात. त्याची तिकडे, मुंबईच्या खोलीत, वेगळी मोजणी होणार आहे हे लक्षातच घेत नाहीत. त्यात चार महिने सुनेच्या बाळंतपणाला ठाण्याला आणि आठ महिने गावी राहणाऱ्या आज्या. यांची नोंद तिकडे झाली की गावचं एक माणूस कमी. पाच हजारांच्या काठावरच्या गावाला अशा पन्नास आज्यासुद्धा भारी पडतात.

या वेळी एक नवीन गोष्ट आहे, मोबाइलवरून स्वतःच माहिती भरण्याची. गणना करणारे येण्याआधी पंधरा दिवस ती सोय खुली असते, मराठीतही भरता येतं, आणि भरल्यावर मिळणारा क्रमांक तेवढा दारात आलेल्यांना दाखवायचा. सोय उत्तमच. पण आपल्या घरांत मोबाइलवरचे फॉर्म भरतं कोण? मुलगा नाहीतर जावई. गुरुजी निदान विचारत होते, "काकू, तुम्ही काय करता?" मोबाइल भरणारा मुलगा विचारणारही नाही. त्याला वाटतं आईचं सगळं त्याला ठाऊक आहे. घरयादीत घराची आणि सामानाची माहिती असते, गॅस, इंटरनेट वगैरे, ती त्याने भरली तर बिघडत नाही. कामाचे प्रश्न दुसऱ्या टप्प्यात असतात, माणसांच्या मोजणीत. तिथे तो काय लिहील?

मागच्या महिन्यात पुन्हा खालच्या पाटात गेले होते. काकूंनी सत्तरी ओलांडली आहे. यजमान निवृत्त होऊन आले आणि दोन पावसाळ्यांत गेले. म्हैस आता नाही, भाताचा तुकडा पडीक आहे, पण वाडी त्याच बघतात आणि सुपारी अजून स्वतः सोलतात. मी त्यांना ती पंधरा वर्षांपूर्वीची दुपार सांगितली. त्यांना काही आठवत नव्हतं. हसल्या.

"या वेळी काय सांगाल?" मी विचारलं.

"मी कुठली सांगत्ये? तो म्हणाला, आई, तू त्यात पडू नको, मी इथून मोबाइलवर भरतो."

"आणि तुमच्यापुढे काय लिहिणार तो?"

काकूंचे हात थांबले. मग पदराला हात पुसून त्यांनी कोनाड्यातला मोबाइल काढला आणि माझ्यापुढे धरला. "मला नंबर नीट दिसत नाही. लाव गं त्याला फोन."